उघडे शस्त्र आणि वर्णाची नजर

ब्लॅक पँथर म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर एक ठरावीक चित्र उभे राहते. काळे चामडी जाकीट, तिरपी काळी टोपी आणि हातात बंदूक. १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली तेव्हा नाव तिकडून आले, नावातला आवेश तिकडून आला. बंदूक आली नाही. ती का आली नाही, यावर आपल्याकडे वाद झाले. हिंसा-अहिंसेच्या अंगाने झाले, बुद्ध आणि मार्क्स यांच्या अंगाने झाले. परंतु त्याआधीचा एक साधा प्रश्न आपण फारसा विचारला नाही. ओकलंडच्या भर रस्त्यात, दिवसाढवळ्या, पोलिसांच्या देखत त्या तरुणांच्या हातात भरलेली बंदूक राहू शकली, ती कशी?

ती कायदेशीर होती म्हणून.

ह्युई न्यूटन आणि बॉबी सील यांनी १९६६ च्या ऑक्टोबरात ओकलंडला पक्ष स्थापन केला. न्यूटनने कायद्याचा काही अभ्यास केलेला होता. कॅलिफोर्नियाच्या कायद्यात त्याला असे आढळले की शस्त्र कपड्याआड झाकून न्यायचे तर परवाना लागतो. ते सर्वांना दिसेल असे न्यायचे आणि कोणावर रोखायचे नाही, तर त्याला मनाई नाही. झाले. काळ्यांच्या वस्तीत पोलीस कोणाला अडवीत, तेव्हा पँथरांची गाडी मागे येऊन थांबे. कायद्याने सांगितलेले अंतर राखून ते उभे राहत, बंदूक दिसेल अशी धरीत आणि अडवलेल्या माणसाला त्याचे हक्क मोठ्याने वाचून दाखवीत. बंदुकीबरोबर कायद्याचे पुस्तकही त्यांच्यापाशी असे. आपल्या भिंतींवर लागलेल्या चित्रातून ते पुस्तक गळून पडले. या लेखाला त्या पुस्तकाविषयी बोलायचे आहे.

प्रस्थापित साहित्यसमीक्षा ज्याला 'माणूस' म्हणत होती तो कोण, कोणत्या वाड्यातला, कोणत्या आळीतला, असा प्रश्न दलित समीक्षेने विचारला आणि वैश्विकतेचा बुरखा फाटला. कायदा हीदेखील एक संहिताच आहे. तिलाही नायक असतो, तिच्यातही गाळलेली पात्रे असतात. 'कोणाही नागरिकाला उघडपणे शस्त्र बाळगता येईल' असे जेव्हा कायदा म्हणतो, तेव्हा आपण विचारले पाहिजे: हा 'कोणीही' कोण?

अमेरिकेच्या संविधानात १७९१ साली आलेली दुसरी दुरुस्ती शस्त्र बाळगण्याच्या हक्काविषयी आहे. पण ते रस्त्यावर कसे न्यायचे, झाकून की उघडे, परवान्याने की विनापरवाना, हे प्रत्येक राज्य आपापल्या कायद्याने ठरवीत आले. त्यामुळे या प्रश्नाचे खरे उत्तर राज्यांच्या कायद्यांत शोधावे लागते, आणि तिथे ते फारसे लपवलेलेही नाही.

टेनेसी राज्याच्या १७९६ च्या घटनेने शस्त्राचा हक्क 'स्वतंत्र माणसांना' दिला होता. १८३४ मध्ये घटना नव्याने लिहिली गेली तेव्हा त्या शब्दांत एकाच विशेषणाची भर पडली. 'स्वतंत्र गोऱ्या माणसांना' असे झाले. संपादकाने मजकुरात एक शब्द घालावा इतक्या सहज हजारो माणसे हक्कातून वगळली गेली. नॉर्थ कॅरोलायनाने १८४० साली स्वतंत्र काळ्या माणसाला शस्त्रासाठी परवाना सक्तीचा केला. गोऱ्याला तशी सक्ती नव्हती. हा भेद १८४४ साली त्या राज्याच्या सर्वोच्च न्यायालयापुढे गेला आणि न्यायालयाने तो वैध ठरवला.

याच काळात दक्षिणेतली न्यायालये उघड्या शस्त्राची थोरवी गात होती, हे विशेष. १८५० साली लुइझियानाच्या न्यायालयाने झाकलेल्या शस्त्रावरची बंदी योग्य ठरवली. कारण असे दिले की झाकलेले शस्त्र गुप्त घाताकडे नेते, तर उघडे शस्त्र पुरुषाला शोभेल अशा उमद्या स्वसंरक्षणाकडे नेते. उघडे ते शूराचे, झाकलेले ते भेकडाचे, अशी ही नीती आहे. वरवर पाहता तिच्यात वर्ण नाही. पण ज्या समाजात लाखो काळी माणसे मालमत्ता म्हणून विकली जात होती, तिथे शूर दिसण्याचा मान कोणाचा? उघडे शस्त्र हे तिथे मालकाच्या प्रतिष्ठेचे चिन्ह होते. गुलामाच्या हातात ते चिन्ह राहिले नसते, बंड झाले असते.

ही गोष्ट आपल्याला समजावून सांगावी लागत नाही. कोणी काय उघडपणे अंगावर मिरवावे, यावर तर आपली सारी ग्रामव्यवस्था उभी होती. १९२८ साली इंदूर संस्थानातल्या बलाई लोकांवर गावकऱ्यांनी लादलेल्या अटी बाबासाहेबांनी 'जातिप्रथेचे उच्चाटन' या ग्रंथात नमूद केल्या आहेत. जरीकाठी पगडी नको, रंगीत काठाचे धोतर नको, बायकांच्या अंगावर सोन्याचांदीचे दागिने नकोत. आजही दलित नवरदेव घोड्यावर बसला, दलित पोराने मिशीला पीळ दिला, म्हणून हल्ले होतात. घोडा कोणाला लाथ मारत नाही, मिशी कोणाला टोचत नाही. दुखते ते दिसण्याचे.

१८५७ च्या ड्रेड स्कॉट खटल्यात मुख्य न्यायाधीश टॅनी यांनी हे भय निकालपत्रातच लिहून ठेवले. काळ्यांना नागरिक मानले तर त्यांना काय काय हक्क मिळतील, याची यादी त्यांनी दिली. त्या यादीत जातील तिथे शस्त्र घेऊन जाण्याचा हक्क होता. तो द्यावा लागेल, म्हणून नागरिकत्वच देऊ नये, असा तर्क. माणुसकी नाकारण्यासाठी माणुसकीचे परिणाम पुढे करण्याची ही पद्धत आपल्या ओळखीची आहे.

गुलामी संपली, नजर संपली नाही. १८६५ च्या नोव्हेंबरात मिसिसिपीने कायदा केला की सैन्यात नसलेल्या आणि काउंटीचा परवाना नसलेल्या कोणाही मुक्त काळ्या माणसाने बंदूक, दारूगोळा किंवा मोठा सुरा बाळगू नये. सापडल्यास दंड, आणि जप्त झालेले शस्त्र खबर देणाऱ्याला बक्षीस. सगळा गोरा शेजार सरकारी हेर करून टाकणारे हे कलम आहे.

१८७३ साली जोतीराव फुले यांनी 'गुलामगिरी' हा ग्रंथ अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना अर्पण केला. काळ्यांना दास्यातून सोडवण्याच्या कामी त्यांनी दाखवलेल्या औदार्याची आठवण म्हणून केला. त्याच वर्षी १३ एप्रिल रोजी, ईस्टरच्या रविवारी, लुइझियानातल्या कोलफॅक्स गावी कचेरीच्या रक्षणासाठी शस्त्र घेऊन बसलेल्या काळ्या लोकांवर गोऱ्यांच्या सशस्त्र जमावाने हल्ला केला. किमान साठ काळी माणसे मेली. त्यांतील कित्येक शरण आल्यावर मारली गेली. खटला सर्वोच्च न्यायालयात गेला. १८७६ च्या क्रुकशँक निकालाने सांगितले की दुसरी दुरुस्ती फक्त केंद्र सरकारला बांधते. जमावाने काळ्यांची शस्त्रे हिसकावली तर केंद्राने त्यात पडू नये. आरोपी सुटले. जोतीरावांची आशा खोटी नव्हती. मुक्ती झाली हे खरेच होते. परंतु मुक्त झालेल्या माणसाला त्याचा हक्क हातात धरून रस्त्यावर उभे राहता येणे, ही वेगळी लढाई होती. ती तिकडे नुकतीच हरली जात होती.

संविधानाच्या चौदाव्या दुरुस्तीनंतर कायद्यात 'काळा' हा शब्द लिहिणे अवघड झाले. म्हणून भाषा बदलली. टेनेसीत १८७० च्या दशकात आणि अर्कान्सासमध्ये १८८१ साली असे कायदे झाले की लष्करी बनावटीची पिस्तुले तेवढी न्यावीत, आणि तीही हातात, उघडी धरून. स्वस्त पिस्तुलांवर गदा आली. लष्करी पिस्तूल महाग. ते कोणाच्या घरी आधीपासून होते? युद्धात लढून आलेल्या गोऱ्या सैनिकांच्या. गरीब काळ्या शेतमजुराला ते परवडणारे नव्हते. कायद्यात वर्णाचे नाव नाही, पैशाचेही नाही. तरी कोण आत आणि कोण बाहेर हे ठरून गेले, असे या इतिहासाच्या अभ्यासकांनी दाखवून दिले आहे.

कधी कधी एखादा न्यायाधीश खरे बोलून जातो. फ्लोरिडाने १८९३ साली परवान्याशिवाय रायफल बाळगण्यास बंदी केली. १९४१ साली त्या कायद्याखालचा एक खटला राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात आला. आरोपी गोरा होता. त्याला सोडताना न्यायमूर्ती बफर्ड यांनी आपल्या मतपत्रात लिहिले की हा कायदा टर्पेंटाइन आणि लाकूडतोडीच्या छावण्यांत आलेल्या काळ्या मजुरांना निःशस्त्र करण्यासाठी झाला होता. तो गोऱ्यांना लावण्याचा हेतू कधीच नव्हता आणि प्रत्यक्षात तो कधी तसा लावलाही गेला नाही. माझ्या मते उघड्या-झाकल्या शस्त्रांच्या साऱ्या वाङ्मयात इतके प्रामाणिक निवेदन दुसरे नसेल. 'कोणीही' म्हणजे कोण, याचे उत्तर इथे न्यायासनावरूनच मिळाले.

परवाना देणाऱ्याच्या मर्जीवर हक्क सोपवला की काय होते, हे १९५६ साली अलाबामात दिसले. जानेवारीत मार्टिन ल्यूथर किंग यांच्या घरावर बाँब पडला. घरात पत्नी आणि तान्ही मुलगी होती. किंग यांनी शस्त्राच्या परवान्यासाठी अर्ज केला. तो नामंजूर झाला. अहिंसेचा पुरस्कर्ता म्हणून जगाला माहीत असलेल्या माणसाला त्याच्या गावच्या अधिकाऱ्यांनी शस्त्रासाठी अपात्र ठरवले. दुसऱ्या वाटेने गेलेलेही होते. नॉर्थ कॅरोलायनातल्या मन्रो गावी रॉबर्ट विल्यम्स यांनी १९५७ साली सशस्त्र पहारा बसवून क्लू क्लक्स क्लॅनला परतवले. लुइझियानात १९६४ पासून 'डीकन्स फॉर डिफेन्स' हे मजूर आणि कारागीर बंदुका घेऊन नागरी हक्कांच्या कार्यकर्त्यांचे रक्षण करीत होते. पँथर आकाशातून पडले नव्हते.

आता पुन्हा कॅलिफोर्नियाकडे येऊ. पँथरांची गस्त सुरू झाल्यावर काही महिन्यांतच डॉन मल्फर्ड या आमदाराने सार्वजनिक ठिकाणी भरलेले शस्त्र बाळगण्यास बंदी करणारे विधेयक आणले. २ मे १९६७ रोजी चोवीस पुरुष आणि सहा स्त्रिया, बहुतेक सशस्त्र, सॅक्रामेंटोच्या विधान भवनात गेल्या. बॉबी सील यांनी निवेदन वाचले: पोलिसांचा जुलूम वाढत असताना विधिमंडळ काळ्यांना निःशस्त्र ठेवण्याचा कायदा करीत आहे. त्या वेळी गव्हर्नर रोनाल्ड रेगन बाहेर हिरवळीवर शाळकरी मुलांबरोबर होते. २८ जुलै रोजी त्यांनीच कायद्यावर सही केली. तातडीचा कायदा म्हणून तो लगेच अंमलात आला. पुढे याच रेगन यांना बंदूकधारकांच्या संघटनांनी आपला माणूस मानले. कित्येक वर्षे चालत आलेला हक्क तीस काळ्या माणसांनी वापरून दाखवताच तीन महिन्यांच्या आत धोका ठरला.

याला आता ५३ वर्षांनंतरचे दुसरे दृश्य जोडून पाहावे. ३० एप्रिल २०२० रोजी मिशिगनच्या लान्सिंग शहरात, साथीच्या काळातल्या टाळेबंदीविरुद्ध निदर्शने करणारे लोक विधान भवनात शिरले. त्यांतील काहींच्या खांद्यावर लष्करी धाटणीच्या रायफली होत्या. बहुतेक गोरे. उघडे शस्त्र तिथे कायदेशीर होते, म्हणून त्यांना आत सोडण्यात आले. सभागृहावरच्या सज्जात बंदूकधारी उभे आणि खाली लोकप्रतिनिधी बसलेले. सेरा अँथनी या काळ्या आमदार बाई पुढच्या आठवड्यात सशस्त्र काळ्या नागरिकांच्या सोबतीने विधान भवनात आल्या. त्या इमारतीत उघड्या शस्त्राला बंदी झाली ती २०२१ च्या जानेवारीत, म्हणजे आठ महिन्यांनी, आणि तीही वॉशिंग्टनमध्ये संसदेवर जमाव चालून गेल्यानंतर. सॅक्रामेंटोला घाई होती, लान्सिंगला सवड होती.

कोणी म्हणेल, हा जुना इतिहास झाला, आता कायदा सर्वांना सारखा आहे. ओहायो राज्यात परवान्याशिवाय उघडे शस्त्र नेण्यास प्रौढांना मुभा आहे. तिथेच ५ ऑगस्ट २०१४ रोजी बीव्हरक्रीकच्या एका दुकानात, त्या दुकानातलीच विक्रीची हवेची बंदूक हातात घेऊन फोनवर बोलणाऱ्या २२ वर्षांच्या काळ्या तरुणाला पोलिसांनी गोळ्या घातल्या. खरी बंदूक असती तरी ती हातात धरणे हा त्या राज्यात आपोआप गुन्हा ठरत नव्हता. त्याच वर्षी २२ नोव्हेंबरला क्लीव्हलंडच्या बागेत खेळण्यातली बंदूक घेतलेला १२ वर्षांचा काळा मुलगा पोलिसांची गाडी थांबल्यापासून दोनेक सेकंदांत गोळी लागून पडला. दोन्ही प्रकरणांत ग्रँड ज्यूरीने पोलिसांवर आरोप ठेवला नाही. टेक्सासने २०१६ पासून परवानाधारकांना पिस्तूल उघडे नेण्याची मुभा दिली. रायफल तर आधीपासूनच उघडी नेता येत होती. त्या वर्षी ७ जुलैला डॅलसच्या मोर्चात पोलिसांवर गोळीबार झाला, तेव्हा रायफल घेऊन कायदेशीरपणे चालणाऱ्या एका काळ्या माणसाचे छायाचित्र पोलिसांनी संशयित म्हणून जगभर पसरवले. तो निर्दोष होता. २०२० च्या ऑगस्टमध्ये केनोशात १७ वर्षांचा गोरा मुलगा रायफल गळ्यात अडकवून, माणसे मारून, पोलिसांच्या गाड्यांसमोरून हात वर करून गेला आणि घरी पोहोचला. पुढे ज्यूरीने त्याला स्वसंरक्षणाच्या मुद्द्यावर निर्दोष ठरवले.

कायद्याचा मजकूर या सगळ्यांना समान होता. मजकूर रस्त्यावर उतरतो तो बघणाऱ्याच्या डोळ्यांतून. तो डोळा घडवणारी वर्णव्यवस्था कलमांत सापडत नाही.

म्हणून मग बंदी हाच उपाय आहे का? आपल्यातल्या शांततावादी मित्रांना तसे वाटेल. त्यांनी न्यूयॉर्कचा अनुभव तपासावा. त्या राज्याच्या परवान्याच्या कायद्यातली खास कारण दाखवण्याची अट २३ जून २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ब्रुएन निकालात रद्द केली. निकाल सहा विरुद्ध तीन असा होता. तो लिहिणारे न्यायमूर्ती क्लॅरेन्स थॉमस स्वतः काळे आणि कडवे परंपरावादी. पण त्या खटल्यात कायदा रद्द करा म्हणणाऱ्यांत गरिबांचे खटले लढवणारे सरकारी बचाव वकीलही होते. त्यांचे म्हणणे, या कायद्याखाली तुरुंगात जाणारे आमचे अशील जवळजवळ सगळे काळे आणि लॅटिनो असतात. म्हणजे मुभा दिली तर काळा गोळी खातो, बंदी केली तर काळा तुरुंगात जातो. ब्रुएन निकालाने आणखी एक पेच केला. शस्त्रावरचे निर्बंध देशाच्या ऐतिहासिक परंपरेत बसले पाहिजेत, अशी कसोटी घातली. परंपरा म्हणजे कोणाची? २०२४ साली हवाईचा कायदा टिकवताना एका केंद्रीय अपील न्यायालयाने लुइझियानाच्या १८६५ च्या कायद्याचा दाखला घेतला, आणि तो मुक्त काळ्यांना जखडण्यासाठी केलेल्या कायद्यांच्या मालिकेतला होता अशी टीका झाली. परंपरेला प्रमाण मानले की शोषकाची वहीच पुरावा म्हणून न्यायालयात येते. मनूला प्रमाण मानणाऱ्या समाजाला हे नव्याने सांगायला नको.

आपल्या परंपरेनेही शस्त्राची वाटणी केलेलीच आहे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात धर्म संकटात आला असता द्विजांनी शस्त्र घ्यावे अशी आज्ञा आहे. शूद्राचे नाव तिथे नाही. या देशात सामाजिक क्रांती का झाली नाही, असे विचारून बाबासाहेबांनी उत्तर दिले की चातुर्वर्ण्याने खालच्या वर्गांना शस्त्रापासून, विद्येपासून आणि धनापासून एकदमच तोडले होते. त्यांनी शस्त्र एकटे काढून दाखवले नाही. विद्या बरोबर ठेवली. इंग्रजांनी १८९० च्या दशकात महारांची सैन्यभरती थांबवली तेव्हा गोपाळबाबा वलंगकरांनी अर्ज लिहिला, पुढे शिवराम जानबा कांबळे यांनी लिहिला. महार रेजिमेंट उभी राहिली ती १९४१ साली. बंदूक परत मिळवण्यासाठी आपल्या पूर्वजांनी लेखणी चालवली. न्यूटनच्या हातातले पुस्तक आपल्याला परके वाटू नये, ते यासाठी.

मी बंदुकीची भलामण करीत नाही. ज्या देशात ती इतकी सुलभ आहे तिथे तिने किती घरे उजाड केली, हे डोळ्यांआड करता येणार नाही. हक्क सर्वांना आहे अशी घोषणा आणि बंदी सर्वांना आहे अशी घोषणा, दोन्ही ऐकताना आपण अंमलाकडे पाहावे, एवढेच म्हणणे आहे.

हे पाहणे आपल्या जिल्ह्यातही करता येते. आपल्याकडे उघडे शस्त्र नेण्याचा सरसकट हक्क नाही. १९५९ च्या शस्त्र कायद्याने परवाना लागतो. पण अत्याचार प्रतिबंध कायद्याखालचे १९९५ चे नियम उघडून तिसरा नियम वाचावा. अत्याचाराची शक्यता असलेल्या भागात बिगर अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांचे शस्त्रपरवाने रद्द करावेत, त्यांची बेकायदा शस्त्रे जप्त करावीत आणि गरज वाटल्यास अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना परवाने द्यावेत, असे राज्य सरकारला तिथे सांगितले आहे. आपल्या तालुक्यात हे किती वेळा झाले? गावातल्या परवानाधारकांची यादी कोणी मागितली? अत्याचारानंतर रद्द झालेला एक तरी परवाना कोणी पाहिला? माहितीच्या अधिकाराचा अर्ज दहा रुपयांत होतो. अभ्यासवर्गात पँथरांच्या बंदुकीवर भाषण करण्याआधी प्रत्येक जिल्ह्यातल्या मित्रांनी हा अर्ज करावा, उत्तर येवो अथवा न येवो, त्याची प्रत जपून ठेवावी आणि पुढच्या बैठकीत ती वाचून दाखवावी.